‘ओवी’ हे नाव ठेवताना

आमच्याकडे बाळाचं नाव आत्याने ठेवायचं असतं. पाळण्यात घातलेल्या बाळाच्या कानात ‘कुर्रर्र’ करून पहिल्यांदा नाव उच्चारायचा मान तिचा, आणि त्या वेळी बाकीच्या बायकांचे धपाटे पाठीत खायचा मानही तिचाच. बहुतेक घरांत आईवडिलांनी ठरवलेलं नाव आत्याच्या हाती येतं आणि ती ते फक्त कानात सांगते. माझ्या भावाने आणि वहिनीने मात्र नाव शोधायचं कामही माझ्याकडे दिलं. वहिनी म्हणाली, “ताई, नाव छोटं बघा. आणि उद्या तिने विचारलं, माझ्या नावाचा अर्थ काय, तर आपल्याला खरं उत्तर देता आलं पाहिजे.” मी लगेच हो म्हटलं. हे काम इतकं लांबवर नेईल अशी तेव्हा कल्पना नव्हती.

गुरुजींनी जन्मवेळ बघून पत्रिका मांडली. रोहिणी नक्षत्र, पहिला चरण, वृषभ रास. रोहिणीच्या चार चरणांची अक्षरं ओ, वा, वी, वू. म्हणजे आमच्या वाट्याला आलं ‘ओ’. एक चरण पुढे जन्मली असती तर वाणी, वासंती अशी नावं तरी होती. ‘ओ’वरून मुलीचं नाव काय ठेवणार? भाऊ म्हणाला, पत्रिकेतलं नाव पत्रिकेत राहू दे, आपण हवं ते ठेवू. पुष्कळ घरांत असंच करतात, नावरसाचं एक आणि हाक मारायचं दुसरं. आईचं म्हणणं, अक्षर आलंय तर निदान शोधून तरी बघा. आईच्या शब्दाखातर मी ‘ओ’पासून सुरुवात केली.

मोबाइलवर नावांच्या याद्या ढिगाने मिळतात. चार याद्या वाचल्या की लक्षात येतं, की त्यांत अर्ध्या नावांचा अर्थ ‘लक्ष्मी’ असतो आणि उरलेल्या अर्ध्यांचा ‘सुंदर’. मायरा हे नाव घ्या. इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिल याने आपल्या कवितांसाठी ते घडवलं असं मानतात. आपल्या याद्यांमध्ये मात्र त्याला खुशाल संस्कृत अर्थ चिकटवलेला दिसतो. नाव गोड आहे, ते ठेवायला कुणाची हरकत असणार? पण त्या मुलीने मोठेपणी अर्थ शोधला तर तिला हाती काय लागेल, याचा विचार यादी करणाऱ्याने केलेला नसतो. ‘ओ’खाली ओजस्वी होतं, ओजल होतं, आणि त्यांच्या खाली ‘ओवी’. त्यासमोर अर्थ लिहिला होता, ‘संतांचा पवित्र संदेश’.

हा अर्थ वाचून मला राहवेना. ओवी म्हणजे संदेश नव्हे. ओवी हा छंद आहे, गाण्याचा आणि रचण्याचा एक घाट आहे. मराठी शाळेत शिकलेल्या कुणालाही हे ठाऊक असतं. आणि दोन अक्षरी, छोटं, आपल्या भाषेतलं असं हे नाव ‘ओ’वरूनच सुरू होत होतं. त्यातलं ‘वी’देखील रोहिणीच्याच तिसऱ्या चरणाचं अक्षर! आईला हे सांगितलं तेव्हा तिने तिथल्या तिथे पसंती देऊन टाकली. पण वहिनीला ‘खरं उत्तर’ हवं होतं, म्हणून मी आजीकडे गेले.

आजी म्हणजे माझ्या वडिलांची आई. तिचं माहेर नेवासा तालुक्यातलं. ऐंशी पार केल्या तरी कान आणि आवाज दोन्ही शाबूत. मी म्हटलं, “आजी, तुझ्या पणतीचं नाव ओवी ठेवायचं म्हणतोय.” ती चकित होऊन म्हणाली, “ओवी? आगं, ती तर आपण दळताना म्हणतो. तिचं कुठं नाव ठेवत्यात का?” मी म्हटलं, मग म्हणून दाखव एखादी. फोन रेकॉर्डिंगला लावून तिच्यासमोर ठेवला.

पुढचं दृश्य अजून डोळ्यांसमोरून हलत नाही. आजी सोफ्यावर बसलेली, समोर जातं नाही, काही नाही. पण ओवी सुरू झाली आणि तिचा उजवा हात खुंटा धरल्यासारखा गोल फिरायला लागला. डावा हात मध्येच पुढे यायचा, पाळूच्या, म्हणजे जात्याच्या दगडाच्या, तोंडात दाण्यांची वैरण घालावी तसा, आणि पुन्हा मांडीवर जायचा. हात फिरेल तशी ओळ पुढे सरके. रेकॉर्डिंगमध्ये बांगड्यांचा आवाज येत होता म्हणून मी तिला हात स्थिर ठेवायला सांगितलं, तर दुसरा चरण तिला आठवेना. दोनदा प्रयत्न करून म्हणाली, “हात धरलास तर कसं म्हनू?” जात्यावर बसलं की ओवी सुचते, ही म्हण आपण कशालाही वापरतो. ती शब्दशः खरी असते हे त्या दुपारी कळलं.

तिने पहिली ओवी देवाला म्हटली, मग आईला, मग भावाला. ‘पहिली माझी ओवी’, ‘दुसरी माझी ओवी’ असं मोजत जायची ती जुनी पद्धत. पंढरपूर आलं, सीतेचा वनवास आला, सासरहून न्यायला न आलेला भाऊ आला. पहाटे कोंबडं आरवायच्या आत जात्यावर बसायचं, एकीने ओढायचं कठीण जायचं म्हणून शेजारची किंवा जाऊ समोर बसायची, दोघींनी एकच खुंटा धरायचा. एकीने ओवी टाकायची, दुसरीने उचलायची. गावात पिठाची गिरणी आली आणि हे सगळं थांबलं. आजी गिरणीला नावं ठेवत नाही. “हाताला घट्टे पडायचे. गिरनी आली तवा पेढं वाटलं असतं आमी,” म्हणाली. जात्यावरच्या ओव्यांविषयी हळवेपणाने बोलणाऱ्यांनी हे ऐकायला हवं. बायकांनी गाणी रचली ती दळणाच्या कौतुकाने नव्हे. त्या कष्टात तेवढाच वेळ असा होता, की मनातलं मोठ्याने बोललं तरी सासू अडवत नसे.

एक ओवी फार चांगली वाटली म्हणून मी विचारलं, “आजी, ही कुणाची गं?”

“कुनाची म्हंजी? जात्यावरची.”

“तू रचलीस का?”

“काही आईच्या, काही भावजयीच्या. काही आपल्याच तोंडाला आल्या. ते काय कुनी लिहून ठेवतंय?”

मला नावाचा अर्थ हवा होता, आणि इथे एक वेगळीच गोष्ट पुढे आली. ज्या बायकांनी ओवी इतकी वर्षं जिवंत ठेवली, त्यांच्यातल्या एकीचंही नाव ओवीवर नाही.

मग मी जुन्या नोंदी बघायला लागले. ओवी हा शब्द ‘ओवणे’ या क्रियापदाशी जोडतात. सुईत दोरा ओवतो, माळेत फुलं ओवतो, तसे शब्द ओवायचे. हे सोपं आणि पटण्यासारखं आहे. पण त्याहून मोलाची गोष्ट मिळाली ती जुन्या उल्लेखाची. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने ११२९ मध्ये ‘मानसोल्लास’ नावाचा संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. राजाने काय काय जाणावं, याचा तो मोठा संग्रह आहे. त्यात संगीताच्या प्रकरणात तो सांगतो, की महाराष्ट्रात स्त्रिया कांडताना ओवी गातात. कांडणं म्हणजे उखळात मुसळाने धान्य सडणं. संस्कृतात लिहिणाऱ्या राजाने आपल्या ग्रंथात नोंदवावी इतकी ती तेव्हा रुळलेली होती.

ज्ञानेश्वरी त्यानंतरची. ती सांगून झाल्याचा शक तिच्या शेवटी ओवीतच दिलेला आहे:

शके बाराशतें बारोत्तरें ।
तैं टीका केली ज्ञानेश्वरें ।
सच्चिदानंदबाबा आदरें ।
लेखकु जाहला ॥

शके १२१२ म्हणजे १२९०. म्हणजे सोमेश्वराच्या नोंदीनंतर दीडशेहून अधिक वर्षांनी. बायकांची ओवी आधी, संतांची ओवी नंतर. ज्ञानदेवांनी बायकांच्या तोंडची ओवी उचलली आणि तिच्यात गीता सांगितली, असं मला आता वाटतं. संस्कृतातले मोठमोठे छंद हाताशी असताना त्यांनी ओवी निवडली, यातच सगळं आलं. अठराव्या अध्यायाच्या अखेरीस ते स्वतः आपल्या ओवीचं कौतुक करतात: ती गायली तर शोभतेच, पण न गाता नुसती वाचली तरी रंग भरते.

वरच्या चार ओळींतच ओवीची घडण दिसते. पहिल्या तीन चरणांच्या शेवटी यमक, ‘त्तरें’, ‘श्वरें’, ‘दरें’. चौथा चरण आखूड आणि यमकाविना. म्हणून तिला साडेतीन चरणांची म्हणतात. अक्षरांची संख्या ज्ञानेश्वर फार काटेकोर ठेवत नाहीत, कधी आठ, कधी दहा, जिथे अर्थाला जागा लागेल तिथे चरण लांबतो. याच ओवीच्या अंगाने पुढे अभंग आला. मोठ्या अभंगात सहा, सहा, सहा आणि चार अशी अक्षरं पक्की झाली. एकनाथांचं भागवत ओवीत आहे, रामदासांच्या दासबोधात ७,७५१ ओव्या आहेत. आजी श्रावणात शिवलीलामृताचा अकरावा अध्याय वाचते तोही ओवीतच. मात्र जात्यावरची ओवी या पुस्तकी ओवीहून मोकळी असते. बहुधा दोन लांब ओळी, शेवटी यमक, आणि मध्ये ‘गं बाई’, ‘सांगते’, ‘माझ्या’ असे शब्द हात फिरायला जेवढे लागतील तेवढे.

मला त्या चार ओळींत सगळ्यात जास्त काय भिडलं असेल तर ते सच्चिदानंदबाबांचं नाव. सांगणाऱ्याचं नाव आहे, आणि नुसतं लिहून घेणाऱ्याचंही आहे. सव्वासातशे वर्षांहून अधिक काळ ते टिकलं. आणि माझ्या आजीला स्वतःची ओवी कुठली हेसुद्धा सांगावंसं वाटत नव्हतं.

अर्थात काही माणसांनी ही उणीव ओळखली होती. साने गुरुजींनी बायकांच्या तोंडच्या ओव्या गोळा करून छापल्या. पुढे पुण्यात हेमा राईरकर आणि गी पॉइतवां यांनी गावोगावच्या कार्यकर्त्यांना हाताशी धरून एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या. त्या संग्रहाची मला सर्वांत आवडलेली गोष्ट म्हणजे ओवीबरोबर ती म्हणणाऱ्या बाईचं नाव आणि गाव लिहिलेलं असतं. त्यात विठ्ठल आहे, सीता आहे, नवऱ्याचा मार आहे, पाऊस आहे, आणि बाबासाहेब आंबेडकरांवरच्या कितीतरी ओव्या आहेत. ओवी म्हणजे देवाधर्माचंच गाणं, असं ज्यांना वाटतं त्यांनी त्या ऐकाव्यात.

आजीला घेऊन आम्ही नेवाशालाही जाऊन आलो. तिचं माहेर जवळच, तेवढंच भाचरांना भेटणं झालं. प्रवरेच्या काठी ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी ज्ञानेश्वरी सांगितली असं मानतात तो पैसाचा खांब तिथे आहे, आणि त्याच्याभोवती आता मंदिर बांधलेलं आहे. खांबावर शिलालेख कोरलेला आहे, त्याच्या ओळींवरून बोट फिरवावंसं वाटतं. आजीने खांबाला डोकं टेकलं आणि मग शेजारी बसलेल्या दोन अनोळखी बायकांना आपणहून सांगितलं, “आमच्या पणतीचं नाव ओवी ठेवनारेत.” त्यातली एक म्हणाली, “बरं झालं बया, नायतर हल्ली नावं कळतच न्हाईत.” आजीची शंका तिथे फिटली.

घरात मात्र सगळ्यांची फिटली नव्हती. एका काकांचं म्हणणं, नाव देवाचं असावं, म्हणजे हाक मारताना नामस्मरण होतं. भावाला काळजी, शाळेत पोरं ‘ओवा’ म्हणून चिडवतील. फिनलंडमध्ये नोकरीला असलेल्या मावसभावाने सांगितलं, तिकडे ओवी म्हणजे दार. आईला ते एकदम आवडलं, दाराला तोरण बांधतात म्हणाली. चिडवण्याबद्दल माझं मत असं, की मुलांना कुठलंही नाव पुरतं. काकांना मी एवढंच विचारलं, की आर्या, ऋचा ही नावं तुम्हाला चालतात ना? आर्या देवीचं नाव आहे तसं ते वृत्ताचंही नाव आहे, मोरोपंतांनी त्या वृत्तात आयुष्यभर लिहिलं. ऋचा म्हणजे वेदातला मंत्र. मालिनी, पृथ्वी हीसुद्धा वृत्तांची नावं. काव्यावरून मुलींची नावं ठेवणं आपल्याला नवीन नाही. फक्त जी नावं आजवर ठेवली ती संस्कृत काव्याच्या अंगणातली. जात्याकडे बघून नाव ठेवायला आपण उशीर केला.

नावांचा इतिहास बघायला घराबाहेर जावं लागत नाही. आजीच्या पिढीत हौसा, सगुणा, यमुना, पारू. आईच्या पिढीत मंगल, सुनंदा, लता. माझ्या वर्गात तीन अश्विनी आणि दोन स्वाती होत्या, ओवी एकही नव्हती. आज भाचीएवढ्या मुलींमध्ये ते कानावर येतं. म्हणजे शब्द नऊशे वर्षांचा तरी जुना, पण मुलीचं नाव म्हणून तो परवाचाच आहे. आणि आजीच्या पिढीतलं आणखी एक नाव सांगितल्याशिवाय हा इतिहास पुरा होणार नाही: नकुशा. मुलीवर मुलगी झाली, आता नको, म्हणून ठेवलेलं. आजीच्या चुलत बहिणीचं ते नाव होतं, जन्मभर तिने त्या हाकेला ओ दिली. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा अडीचशेहून अधिक मुलींना समारंभाने नवी नावं दिली गेली. म्हणजे ही गोष्ट फार जुन्या काळातली नाही.

आजीचं स्वतःचं नावही लग्नात बदललं. ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने नवं नाव लिहितात ना, तसं. माहेरच्या नावाने तिला हाक मारणारं आता कुणी उरलेलं नाही. तिने ते नाव मला नेवाशाहून परत येताना गाडीत सांगितलं, मी विचारलं म्हणून. माझ्या वडिलांनाही ते ठाऊक नव्हतं.

नाव ठरलं. स्पेलिंगवर मात्र एक संध्याकाळ गेली. शेवटी ‘आय’ असावं की दोन ‘ई’, मध्ये ‘व्ही’ की ‘डब्ल्यू’. आम्ही ‘ओ, व्ही, आय’ पक्कं केलं, सगळ्यात साधं. ज्यांना नाव ठेवायचं आहे त्यांना माझं सांगणं, की देवनागरीत नाव कसं लिहायचं आणि इंग्रजीत कसं, हे दोन्ही कागदावर लिहून घरातल्या सगळ्यांना दाखवा. दवाखान्याचं कार्ड, जन्मदाखला, आधार या तिन्ही ठिकाणी तीन स्पेलिंगं झाली की पुढे पासपोर्टच्या वेळी आईबापांची धावपळ होते.

बारसं थाटात झालं. वरवंट्याला कुंची घालून तो पाळण्याखालून आणि वरून ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ करत फिरवला. घुगऱ्या वाटल्या. माझी पाठ बायकांनी चांगली शेकून काढली. पाळणा म्हणायची वेळ आली तेव्हा आजी म्हणाली, पाळणा नंतर, आधी मी ओवी टाकते. आणि हात फिरवत तिने म्हटलं:

तेलावातीची पणती जळती रातभर
लेकाच्या लेकाची पणती उजेड जन्मभर

कुठून पाठ केलीस विचारलं तर, “सकाळी अंघोळीच्या वेळी तोंडाला आली.” या वेळी मी तिला सोडलं नाही. म्हणजे तुझीच ना? “माझीच,” म्हणाली.

आता सरकारी भाग. तो कंटाळवाणा आहे, पण नाव ठेवणाऱ्यांना उपयोगी पडेल म्हणून लिहिते. जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत व्हायला हवी. दवाखान्यात जन्म झाला असेल तर ती माहिती दवाखानाच कळवतो. त्या वेळी नाव ठरलेलं नसलं तरी अडत नाही, नोंद बिननावाची होते. नंतर नाव घालता येतं. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यातलं १४ वं कलम याच कामाचं. पहिल्या बारा महिन्यांत फी लागत नाही, पुढे विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत नाव घालता येतं. पण तेवढं थांबू नका. १ ऑक्टोबर २०२३ पासून पुढे जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून वाहन परवान्यापर्यंत आणि मतदार यादीपासून विवाह नोंदणीपर्यंत जन्मदाखलाच जन्माचा पुरावा म्हणून लागणार आहे. आणि एकदा घातलेलं नाव बदलणं सोपं नसतं. अर्ज, आईवडिलांची ओळखपत्रं, बिननावाच्या नोंदीची प्रत, एवढं आम्ही नेलं होतं. खिडकीमागच्या ताईंनी नाव टंकलं, पडदा आमच्याकडे वळवला आणि अक्षर न अक्षर वाचून घ्यायला लावलं. फार चांगली पद्धत. पहिल्यांदा ‘ओ’ला मात्रेऐवजी अर्धचंद्र पडून ‘ऑवी’ झालं होतं, ते तिथेच सुधारलं.

एक गोष्ट मात्र मला त्या खिडकीपाशी उभी असताना फार जाणवली. जन्मदाखल्यावर आईच्या नावाचा रकाना असतोच, पण तो वेगळा. बाकी आयुष्यभर नाव, वडिलांचं नाव, आडनाव, हीच आपली रीत. मार्च २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ठरवलं, की १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांचं नाव शासकीय कागदपत्रांत आधी त्याचं स्वतःचं, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असं लिहायचं. भाचीचा जन्म त्यानंतरचा. म्हणजे तिच्या शाळेच्या दाखल्यावर, दहावीच्या गुणपत्रिकेवर ‘ओवी’च्या लगेच पुढे माझ्या वहिनीचं नाव येणार. वहिनीने ते पूर्ण नाव तिथेच दोनदा मोठ्याने म्हणून बघितलं. भाऊ म्हणाला, “माझं नाव तिसरं गेलं की.” वहिनी म्हणाली, “आहे ना पण.”

माझ्या मनात तेव्हा आजी होती. तिच्या कुठल्याच कागदावर तिच्या आईचं नाव नाही. तिच्या कितीतरी ओव्या ज्या आईकडून आल्या, त्या बाईचं नाव आमच्या घरात फक्त आजीलाच माहीत होतं. आता आम्ही एक वही केली आहे. रेकॉर्डिंग ऐकून मी ओव्या उतरवते, आणि प्रत्येकीखाली कुणाकडून आली ते लिहिते. आईकडची असेल तर आजीच्या आईचं नाव आणि गाव. भावजयीची असेल तर भावजयीचं. आजीच्या ओव्यांखाली तिची दोन्ही नावं, माहेरचं आधी. सुरुवातीला ती म्हणायची, कशाला एवढं. आता स्वतःच आठवून सांगते, “ती शेतातली ओवी लिहिलीस ना, ती माझ्या आत्याची हाय बरं, माझी न्हाई.”

आजीची धाकटी बहीण दिवाळीनंतर राहायला येणार आहे. तिला लग्नात घाणा भरतानाच्या ओव्या येतात, आणि त्या आजीला येत नाहीत. त्या उतरवून घ्यायच्या आहेत.